आपला एकच उमेदवार

आमच्या घरापाशी फूटपाथ संपतो. म्हणजे लेटरबॉक्सच्या पुढे चार हातांवर काँक्रीट सुरीने कापल्यासारखं तुटतं आणि गवत सुरू होतं. गवत म्हणजे लॉन नव्हे. गुडघ्याएवढं, वेडंवाकडं, खाली चिकट माती. ते ओलांडलं की पुन्हा फूटपाथ सुरू होतो, तिथे बसस्टॉप आहे आणि काउन्सिलचा, म्हणजे इथल्या नगरपालिकेचा, कम्युनिटी हॉल आहे. मधलं अंतर म्हणजे आईची अडीचशे पावलं. माझी दीडशे होतील, पण माझ्या पावलांचा प्रश्न येतच नाही, कारण मी गाडीने जातो.

मेलबर्नच्या पश्चिमेला, वेरिबीच्याही पलीकडे, जिथे दर सहा महिन्यांनी एक नवी इस्टेट, म्हणजे घरांची वसाहत, उगवते, तिथे आम्ही घर बांधलं. सबर्बचं नाव सांगत नाही. सांगितलं तर उद्या मराठी मंडळातल्या चौघांचे फोन येतील आणि मला त्यांच्याशी बोलायचं नाहीये. आमचं घर रांगेतलं शेवटचं. एजंटने तोच मोठा गुण म्हणून सांगितला होता, शेजारी एकाच बाजूला, दुसरीकडे मोकळा व्ह्यू. आईच्या खोलीची खिडकी त्या मोकळ्या व्ह्यूवर उघडते.

बाबा गेल्यावर आई इथे आली. त्याआधी पुण्यात बाथरूममध्ये पडून तिचं खुब्याचं हाड मोडलं होतं, त्यामुळे वॉकर हातात होताच. महापालिकेच्या शाळेत तीस-बत्तीस वर्षं शिकवलेली बाई. घरात बसून राहायचं म्हणजे तिला शिक्षा. पहिल्या उन्हाळ्यात तिला कळलं की मंगळवारी सकाळी त्या हॉलमध्ये म्हाताऱ्या माणसांचा ग्रुप जमतो. गवत तेव्हा कापलेलं असायचं, माती वाळून कडक झालेली. ही वॉकर ढकलत एकटी गेली आणि दुपारी तोंडावर हसू घेऊन परत आली. तिथे पंजाबी होत्या, गुजराती होत्या, एक माल्टा बेटाकडची माल्टीज बाई होती. त्या माल्टीज बाईला इंग्रजी धड येत नव्हतं आणि आईला तर त्याहून कमी. दोघी शेजारी बसून विणकाम करायच्या आणि दोन-दोन तास बोलायच्या. काय बोलायच्या देव जाणे.

"अरे, इथे आल्यापासून पहिल्यांदा मी कुठेतरी गेले," आई मला म्हणाली. "एरवी मला नेतात."

ते वाक्य मला लागलं होतं. बरोबरच होतं तिचं. आम्ही तिला देवळात न्यायचो, डॉक्टरकडे न्यायचो, मॉलमध्ये न्यायचो. सामानासारखं.

मग डेव्हलपरने गवत कापणं बंद केलं. हिवाळा आला, इथला हिवाळ्यातला पाऊस लागला आणि वॉकरची चाकं मातीत रुतायला लागली. ही बाई गप्प बसेल कशी? ती रस्त्याच्या कडेने जायला लागली. आमचा तो रस्ता म्हणजे इस्टेटमधून बाहेर पडायची एकुलती एक वाट, सकाळी प्रत्येकाला स्टेशनवर पार्किंग मिळवायची घाई. एका मंगळवारी एक ट्रक तिच्या कोपराला घासेल इतक्या जवळून हॉर्न देत गेला. समोरच्या घरातल्या फिलिपिनो नर्सने पाहिलं आणि तिने मला ऑफिसात फोन केला. मी घरी येऊन आईवर ओरडलो. ओरडलो म्हणजे खरंच ओरडलो, लहान मुलावर ओरडतात तसा. आजपासून एकटीने त्या बाजूला जायचं नाही म्हणून सांगितलं.

"मग कोणाबरोबर जाऊ?" तिने विचारलं.

मंगळवार माझा ऑफिसात जायचा दिवस. बायको एका मोठ्या हॉस्पिटलच्या लॅबमध्ये, तिची शिफ्ट सातला सुरू. मुलगी शाळेत. आई वॉकर घेऊन तिच्या खोलीत गेली. त्या दिवसापासून मंगळवारी ती खिडकीशी बसायला लागली.

मी काही हातावर हात ठेवून बसलो नव्हतो, हेही सांगायला हवं. काउन्सिलच्या ॲपवर तक्रार टाकली. उत्तर आलं, ही जमीन डेव्हलपरची. डेव्हलपरला मेल केली. उत्तर आलं, स्टेज फोर बांधायला घेऊ तेव्हा. स्टेज फोर कधी? मार्केटवर अवलंबून आहे. परत काउन्सिलला लिहिलं. तुमची विनंती नोंदवून घेतली आहे. आमच्या तेव्हाच्या काउन्सिलरना लिहिलं, त्यांचं आपोआप येणारं उत्तर आलं, त्यात त्यांचा हसरा फोटो होता. पालथ्या घड्यावर पाणी.

आईला हे कळेचना. "अरे, नगरसेवकाच्या घरी जा की सकाळी. दारात जाऊन उभा राहा. आमच्याकडे गटार तुंबलं तर आम्ही दहाजणी जायचो. त्याच्या बायकोने चहा करेपर्यंत तो कुणालातरी फोन लावायचा."

"इथे घरी जात नाहीत, आई."

"मग कुठे जातात?"

तिला काय सांगणार, कपाळ? इथे कुठेच जात नाहीत. इथे फॉर्म भरतात.

आता आणखी एकीची गोष्ट सांगतो. ती म्हणजे सांगलीकडून शिकायला आलेली मुलगी, बारा-तेरा वर्षांपूर्वी आमच्या जुन्या घरात मागच्या खोलीत भाड्याने राहायची. युनिव्हर्सिटी करत, रात्री पेट्रोल पंपावर काम करत, आमच्याकडे रविवारी जेवायला असायची. मला दादा म्हणायची, अजूनही म्हणते. पुढे एज्ड केअरमध्ये, म्हणजे वृद्धाश्रमात, लागली, आता ती तिथे टीम सांभाळते, सिटिझन झाली, आमच्याच इस्टेटमध्ये दोन गल्ल्या सोडून घर घेतलं. आई आल्यावर तिने आईचा ताबाच घेतला. मंगळवारी सुट्टी मिळाली की यायची, आईचा एक हात धरायची, दुसऱ्या हाताने वॉकर उचलायची आणि दोघी गवतातून जायच्या. महिन्यातून एखादा मंगळवार असा मिळायचा.

अशाच एका मंगळवारी परत येताना तिचे बूट घोट्यापर्यंत चिखलात गेले. ती आमच्या किचनमध्ये अनवाणी उभी राहून म्हणाली, "दादा, मी काउन्सिलला उभी राहते."

मी हसलो. ती हसली नाही. निवडणुका चार महिन्यांवर होत्या. उमेदवाराला एक ऑनलाइन ट्रेनिंग करावं लागतं, ते तिने त्याच आठवड्यात केलं. आईचा फोटो काढला, वॉकर आणि पुढे गवत, खाली एकच ओळ लिहिली: ह्यांना हॉलपर्यंत जायचंय. ते पॅम्फ्लेट तिने ऑफिसच्या प्रिंटरवर छापलं. आईने ते तिच्या औषधाच्या डब्यावर टेकवून ठेवलं. रोज गोळी घेताना बघायची.

इथपर्यंत सगळं ठीक चाललं होतं. मग आम्ही मराठी माणसं त्यात पडलो.

आमच्या मंडळाचे एक माजी अध्यक्ष आहेत. माजी असले तरी सगळे त्यांना अध्यक्षच म्हणतात. माणूस वाईट नाही. गणपतीत रात्र-रात्र जागतो, कोणी गेलं तर पहिला पोचतो, बोलतो छान. त्यांनीही आमच्याच वॉर्डातून उभं राहायचं ठरवलं. त्यांनी आधी ठरवलं की तिने आधी, यावर नंतर बरेच वाद झाले. पण दोन मराठी माणसं एकाच वॉर्डात उभी, ही बातमी व्हॉट्सॲपवर फिरली आणि मीटिंग बोलावली गेली.

इथल्या मराठी माणसाचे सगळे ठराव गॅरेजमध्ये होतात. गाड्या ड्राइव्हवेवर काढायच्या, प्लास्टिकच्या खुर्च्या मांडायच्या, टेबलावर पोहे आणि चहाचा थर्मास. पंधरा-वीस जण होते. तिला बोलावलं नव्हतं. तिची शिफ्ट आहे असं कोणीतरी म्हणालं.

"मतं फुटणार," पहिला म्हणाला, आणि मग सगळे तेच म्हणायला लागले. आपली मतं मूठभर, त्यात दोन वाटे केले तर तिसराच मलई खाणार. आपल्याकडे प्रत्येक निवडणुकीत हेच होतं, दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ. इथे आलो तरी आपली खोड जात नाही. खेकड्यांच्या टोपलीचा तो दाखला कोणीतरी दिलाच. आमच्या मंडळात आजवर एकदाही निवडणूक झालेली नाही. फोनाफोनी होते, एकाला बाजूला घेऊन समजावलं जातं आणि सगळं बिनविरोध. आम्हाला त्याचा अभिमान आहे. आपला एकच उमेदवार, असं ठरलं, आणि तो कोण हे कोणी विचारलंही नाही.

"तुझं ऐकेल ती," अध्यक्ष मला म्हणाले. "तू समजाव. आणि तुझ्या आईच्या फूटपाथचं माझ्याकडे लागलं. पहिला मुद्दा तोच."

मी गेलो. मला कोणी ढकललं नव्हतं, माझ्या पायाने गेलो.

ती शिफ्टवरून येऊन कपडे वाळत घालत होती. मी पाढा म्हटला, मतं फुटतील, समाज लहान आहे, पुढच्या वेळी तूच. तिने क्लिप तोंडात धरून ऐकून घेतलं. मग क्लिप काढून म्हणाली, "दादा, पण इथे तशी मतं फुटत नाहीत ना. सगळ्या उमेदवारांना पसंतीचे नंबर द्यायचे असतात. मी बाद झाले तर माझी मतं त्यांना जातील, ते बाद झाले तर त्यांची मला. ट्रेनिंगमध्ये सांगितलं तसं. दोघं असलो तर उलट बरं."

आणि मी काय बोललो? मी इंजिनिअर माणूस, इथे पंधरा वर्षं राहिलेला, देशाच्या आणि राज्याच्या निवडणुकांत तीनदा मत दिलेला. मी म्हणालो, "कागदावर ठीक आहे गं. पण माणसांचं तसं नसतं."

कागदावरच तर मतं मोजतात! पण तेव्हा मला हे सुचलं नाही. दरवेळी बूथबाहेर कोणीतरी कार्ड हातात द्यायचं, त्यावरचे नंबर मी उतरवून काढायचो, कॉपी केल्यासारखे. त्या नंबरांचं पुढे काय होतं हे मी कधी वाचलं नव्हतं. मतं फुटतात हे मला लहानपणापासून माहीत होतं, आणि जे लहानपणापासून माहीत असतं ते तपासायचं कोणी?

तिने क्लिप चादरीला लावली. मग म्हणाली, "तुम्हाला खरंच असं वाटतं का दादा? की त्यांनी पाठवलंय?"

"मला वाटतं," मी म्हणालो. खरंच वाटत होतं. खोटं बोललो असतो तर निदान आज स्वतःला शिव्या घालायला सोपं गेलं असतं.

"आईंचा रस्ता ते करतील?"

"त्यांनी शब्द दिलाय."

तिने फॉर्म भरलाच नाही. निवडणूक ऑफिसची अपॉइंटमेंट तिने फोनवरून कॅन्सल केली, माझ्यासमोर, वाळत घातलेल्या चादरीला हात पुसत. इंग्रजीत दोन वाक्यं आणि नो वरीज. मी घरी येऊन आईला सांगितलं. आईने विचारलं, "तिने स्वतः सोडलं की तुम्ही सोडायला लावलं?" मी म्हणालो, सगळ्यांनी मिळून ठरवलं. आई म्हणाली, "सगळ्यांमध्ये ती होती का?" आणि गोळ्या घ्यायला उठली.

प्रचार जोरात झाला. दोन शनिवार मी स्वतः लेटरबॉक्समध्ये पत्रकं टाकत फिरलो. चांगल्या जाड कागदावर होती. अध्यक्ष सूटमध्ये, मागे झेंडे आणि फुगे. सुरक्षित रस्ते, सण-उत्सव, युवकांना संधी, स्वच्छ बागा, ज्येष्ठांचा सन्मान, लहान उद्योग, सर्व संस्कृतींचा मेळ. एक ना धड, भाराभर चिंध्या. आईने पत्रक माझ्याकडून वाचून घेतलं, एकेक मुद्दा मराठीत करायला लावला.

"यात आपला रस्ता कुठे आहे?"

"सुरक्षित रस्ते म्हटलंय ना."

"तो ट्रकवाल्यासाठी," आई म्हणाली.

आमच्याकडे काउन्सिलचं मतदान पोस्टाने असतं. पाकीट घरी येतं. एका रविवारी दुपारी मी आणि बायको जेवणाच्या टेबलावर मतपत्रिका घेऊन बसलो. आई समोर बसली होती. तिला मत नाही, ती व्हिसावर आहे. तिने पुण्यात इलेक्शन ड्युटी केलेली, बोटांना शाई लावलेली. तिला हे टेबलावर, चटणीच्या बाटलीशेजारी चाललेलं मतदान फार ढिलं वाटत होतं. "कुणी बघत नाही?" असं दोनदा विचारलं तिने.

सात उमेदवार होते. मी अध्यक्षांच्या चौकोनात एक लिहिला. मग यावेळी बूथ नाही, कार्ड देणारं कोणी नाही, म्हणून पाकिटातला सूचनांचा कागद वाचायला घेतला. पंधरा वर्षांत पहिल्यांदा वाचला. तुमचा पहिला उमेदवार बाद झाला तर तुमचं मत तुमच्या दुसऱ्याकडे जाईल, पूर्ण मत, जसंच्या तसं. दोन लिहायला पेन टेकवलं आणि माझा हात थांबला. दोन नंबर सांगलीच्या पोरीचा असता. किंवा तिचा एक आणि यांचा दोन. काहीही फुटलं नसतं. ती क्लिप तोंडातून काढून हेच सांगत होती आणि मी तिला माणसांचं तसं नसतं म्हणून शिकवून आलो होतो.

"काय झालं?" बायकोने विचारलं.

"काही नाही," मी म्हणालो. मग सांगितलं. बायकोने माझ्याकडे असं पाहिलं की मी पेन खाली ठेवलं. आईला सगळं कळलं नाही, पण माझा चेहरा कळला.

संध्याकाळी मी त्या पोरीकडे जाऊन माफी मागितली. ती म्हणाली, "मला माहीत होतं दादा. मी सांगितलं होतं तुम्हाला." रागाने नाही म्हणाली. मग थोड्या वेळाने म्हणाली, "मी तुमच्या शब्दावर सोडलं. मतं फुटतात म्हणून नाही सोडलं." कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात तो मी. चहा घेऊन परत आलो.

अध्यक्ष निवडून आले. कसे आले ते ऐका. पहिल्या मोजणीत ते दुसरे होते. मग खालचे एकेक बाद होत गेले, त्यांची मतं यांच्याकडे येत गेली आणि शेवटी हे वर निघाले. त्याच गॅरेजमध्ये पेढे वाटले, ढोल वाजला, आणि अध्यक्षांनी भाषणात सांगितलं की हा विजय आपण मतं फुटू न दिल्याचा आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, कारण सगळे माझ्याकडे बघत होते.

मी वाट पाहिली. दोन महिने, चार महिने. आई मंगळवारी खिडकीशी. फोन केला की अध्यक्ष प्रेमाने बोलायचे. "अरे, मला वाटलं होतं तसं नाहीये. काउन्सिलरला काम सांगता येत नाही इथे. कुठला फूटपाथ कधी करायचा ते ऑफिसर ठरवतात, त्यांची यादी असते. मी मध्ये पडलो तर माझ्यावरच कम्प्लेंट होईल. पण जमीन डेव्हलपरची असली तरी तुझी जागा यादीत टाकायला लावलीय. सर्व्हे होईल."

हे ते खोटं बोलत नव्हते. मी नियम वाचले. आता मी सगळं वाचायला लागलो होतो, वरातीमागून घोडं.

सर्व्हेचा निकाल एका पीडीएफमध्ये आला. आमच्या गवताच्या पट्ट्याची पाहणी एका मंगळवारी सकाळी आठ ते दोन केली गेली. सायकल, शून्य. प्रॅम, शून्य. पादचारी, शून्य. मागणी आढळली नाही, म्हणून यादीत तळाला.

मी तो कागद स्वयंपाकघरात उभा राहून वाचला आणि आईला मराठीत सांगितला. आई म्हणाली, "हां, तो माणूस. तो तिथे खुर्ची टाकून बसला होता दिवसभर, हातात काहीतरी धरून. उन्हात होता बिचारा. मला वाटलं होतं जाऊन चहा विचारावा."

"मग का नाही गेलीस?"

"तूच म्हणालास ना, त्या बाजूला जायचं नाही."

मी कागद टेबलावर ठेवून तिच्याशेजारी बसलो. कोणावर रागावू? रस्ता नाही म्हणून कोणी चालत नाही, कोणी चालत नाही म्हणून रस्ता नाही, आणि जी एक बाई चालली असती तिला मीच घरात बसवलेलं. आई माझ्या डोक्यावर हात फिरवत म्हणाली, "जाऊ दे रे." तेच मला सहन होत नव्हतं.

मी अध्यक्षांच्या मागे लागलो. हात जोडले. त्यांनी शब्द टाकला आणि सर्व्हे पुन्हा करायचं ऑफिसने मान्य केलं, इथल्या वसंतात, म्हणजे सप्टेंबरात, पुन्हा मंगळवारी. मी मंडळाच्या ग्रुपवर लिहिलं, कृपया दहा मिनिटं या, एकदा त्या गवतातून चालून जा, एवढंच. पस्तीस अंगठे आले. कोणीतरी नमस्काराचे हात टाकले. मंगळवारी सकाळी दहाला कोण येणार, सगळे कामावर.

पण मधल्या वर्षात आणखी एक गोष्ट झाली होती, ती मी मुद्दाम बघत नव्हतो. आईचे पाय गेले होते. खोलीतून टॉयलेटपर्यंत आणि टॉयलेटमधून खोलीपर्यंत, एवढंच चालणं उरलेलं. फिजिओ म्हणाली, स्नायू वापरले नाहीत की जातात, या वयात परत येत नाहीत. सांगलीच्या पोरीने हे मला सहा महिने आधीच सांगितलं होतं. तेही मी ऐकून घेतलं होतं फक्त.

सर्व्हेच्या दिवशी आई सहाला उठली. आंघोळ केली, चांगली साडी नेसली, वर माझं जॅकेट, पायात स्पोर्ट्स शूज. मी रजा घेतली होती. ती पोरही रजा घेऊन आली. यावेळी मोजायला एक मध्यमवयीन बाई होती, डोक्यावर मोठी टोपी, हातात टिकटिक करायचं यंत्र. ती पोर पुढे चालत गेली, पलीकडे पोचली, टिक. मी गेलो, टिक, आणि दोघंही परत आईपाशी आलो.

"हात धरू?" मी विचारलं.

"धरलास तर ते चालणं नाही," आई म्हणाली. "बाजूला हो."

ती काँक्रीटच्या कडेला थांबली. वॉकर उचलून गवतात ठेवला, मग एक पाय, मग दुसरा. पुन्हा वॉकर. तिचे दंड थरथरत होते. मी मनात म्हणत होतो, चल आई, चल. सात-आठ पावलं गेली असेल. पुढचं चाक मातीत बसलं, तिने ते उपसायला जोर केला आणि गुडघे दुमडले. एका बाजूने मी धरलं, दुसऱ्या बाजूने त्या पोरीने धावत येऊन धरलं. मोजणारी बाई यंत्र खिशात टाकून आपली घडीची खुर्ची घेऊन पळत आली. आम्ही आईला त्या खुर्चीवर बसवलं, तिथेच, गवतात. तिला धाप लागली होती, साडीला चिखल लागला होता. पाणी प्यायली. मग तिने त्या बाईच्या खिशाकडे बोट दाखवलं.

"विचार तिला. मला मोजलं का?"

मी विचारलं. बाईने आधी माझ्याकडे पाहिलं, मग पलीकडच्या बसस्टॉपच्या खांबाकडे. ती आईपुढे उकिडवी बसली, आईचा हात हातात घेतला आणि म्हणाली, सॉरी डार्लिंग, आय ॲम सो सॉरी, त्या खांबाच्या पुढे गेलेलेच धरायचे असतात, माझ्या हातात नाही ते.

माझ्या शेजारी ती पोर उभी होती. ती तोंड फिरवून रस्त्याकडे बघत राहिली.

"काय म्हणाली?" आईने विचारलं.

"मोजलं म्हणाली," मी म्हणालो.

आईला इंग्रजी फारसं येत नाही, पण सॉरी कळतं. तिने साडीचा चिखल लागलेला काठ झटकला, त्या बाईच्या हातावर थोपटलं आणि मला म्हणाली, "बरं झालं हो. चल, आता मला ने."